आदेलचा नवरा

नमस्कार, श्रोतेहो.

एखाद्या लहान मुलाला पेंग्विनचं चित्र काढायला सांगा. काळी पाठ, पांढरं पोट, डोळ्याभोवती पांढरं वर्तुळ, आणि स्नेहसंमेलनाच्या प्रमुख पाहुण्यासारखं ताठ उभं राहणं. मुंबईत राणीच्या बागेत आपण बघतो ते पेंग्विन हम्बोल्ट जातीचे, दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यावरचे. मुलांच्या चित्रातला हा मात्र अस्सल अंटार्क्टिकाचा. त्याचं नाव आदेली.

हे नाव एका घड्याळजीच्या मुलीवरून आलंय. फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावर तूलों नावाचं आरमारी बंदर आहे. तिथली ही आदेल पेपँ. ती स्वतः अंटार्क्टिकाला कधी गेली नाही. तिचा नवरा गेला. त्याची गोष्ट मी आज सांगणार आहे.

त्याचं नाव ज्यूल द्युमों द्युर्व्हिल. उच्चारताना जीभ अडखळते, पण दोन-तीनदा म्हटलं की जमतं. जन्म २३ मे १७९०, नॉर्मंडीतला. वडील न्यायाधीश होते, पण मुलगा लहान असतानाच वारले. मग मामाने शिकवलं. मामा पाद्री, त्यामुळे लॅटिन, ग्रीक, तत्त्वज्ञान सगळं घोटून घेतलं. पॅरिसच्या नामांकित एकोल पॉलितेक्निकमध्ये जायची इच्छा होती, पण शारीरिक चाचणीत तो नापास झाला. म्हणून १८०७ साली आरमारात. पुढे ज्याने तीनदा पृथ्वीप्रदक्षिणा केली, तो अंगकाठीपायी नापास झालेला मुलगा होता!

तो काळ नेपोलियनचा. समुद्रावर इंग्रजांचा पहारा, आणि फ्रेंच जहाजं बंदरात नुसती बांधून ठेवलेली. तरुण अधिकाऱ्यांना काम नाही. बाकीचे पत्ते कुटत असतील; हा इंग्रजी, जर्मन, इटालियन शिकला, हिब्रूच्या मागे लागला, झाडं आणि किडे गोळा करत हिंडला. माणूस फटकळ आणि शिष्ट होता. सहकाऱ्यांत तो फारसा आवडता नव्हता, असंच दिसतं.

१८१५ मध्ये त्याने आदेलशी लग्न केलं. आईला राग आला. घराणं आपलं खानदानी आणि सून दुकानदाराची! तिने सुनेला कधी आपलं म्हटलं नाही.

१८२० च्या एप्रिलमध्ये तो ‘शेव्हरेत’ जहाजावर होता. काम ग्रीक बेटांच्या आसपासच्या समुद्राची मोजणी करण्याचं. मिलोस बेटावर जहाज लागलं, तेव्हा काही दिवसांपूर्वीच तिथल्या एका शेतकऱ्याला जमिनीत संगमरवरी मूर्ती सापडली होती. द्युर्व्हिल बघायला गेला. ग्रीक पुराणं तोंडपाठ असलेला माणूस. पाहताक्षणी त्याला कळलं की ही व्हीनस आहे. जहाजाच्या कप्तानाला मूर्तीत रस नव्हता. द्युर्व्हिलने तिचं बारकाईने वर्णन लिहिलं आणि कॉन्स्टँटिनोपलला पोचल्यावर फ्रेंच वकिलातीच्या कानावर घातलं. वकिलातीने माणूस धाडून मूर्ती विकत घेतली. आज लूव्हर संग्रहालयात जिच्यासमोर गर्दी असते, ती हीच हात तुटलेली व्हीनस. मूर्ती सापडली शेतकऱ्याला, पहिल्यांदा पाहिली दुसऱ्याच एका फ्रेंच नाविकाने, आणि सन्मानपदक व बढती मिळाली द्युर्व्हिलला. अर्थात, योग्य माणसाच्या कानावर योग्य वेळी गोष्ट घालणं हेही कसबच म्हणायचं.

पुढे १८२२ ते १८२५ ‘कोकीय’ जहाजावर तो दुसऱ्या क्रमांकाचा अधिकारी होता. हे जहाज मुळात घोडे वाहून नेण्यासाठी बांधलेलं. परतल्यावर त्याचं नाव बदलून ‘आस्त्रोलाब’ ठेवलं आणि १८२६ मध्ये द्युर्व्हिल त्याचाच कप्तान होऊन निघाला. नाव बदलायलाही कारण होतं. चाळीस वर्षांपूर्वी ला पेरूझ हा फ्रेंच दर्यावर्दी दोन जहाजांसह प्रशांत महासागरात नाहीसा झाला होता आणि त्यातल्या एका जहाजाचं नाव ‘आस्त्रोलाब’ होतं. १८२८ मध्ये द्युर्व्हिल त्याच महासागरातल्या व्हानिकोरो बेटावर पोचला. त्याच्या आधी पीटर डिलन नावाच्या कप्तानाने तिथले अवशेष शोधून काढले होते. म्हणजे इथेही हा दुसराच. त्याने प्रवाळात रुतलेले नांगर, तोफा पाहिल्या आणि बेटावर ला पेरूझचं स्मारक उभारलं.

शाळेच्या भूगोलात आपण मायक्रोनेशिया, मेलानेशिया ही नावं पाठ केलेली असतात. ती विभागणी रूढ केली याच माणसाने, या सफरीवरून परतल्यावर. यात एक काळी बाजू आहे आणि ती झाकून ठेवायचं मला कारण दिसत नाही. मेलानेशिया म्हणजे काळ्या लोकांची बेटं. द्युर्व्हिलने नकाशा आखला तो माणसांच्या कातडीच्या रंगावर, आणि वर कोण श्रेष्ठ, कोण कनिष्ठ हेही ठरवून टाकलं. वनस्पतींच्या बाबतीत इतका काटेकोर असलेला माणूस, माणसांच्या बाबतीत त्या काळातल्या युरोपच्या पूर्वग्रहांपलीकडे गेला नाही.

आता बर्फाकडे येऊ. खरं तर बर्फ त्याच्या मनात नव्हताच. १८३७ मध्ये त्याने पुन्हा प्रशांत महासागरात जायची परवानगी मागितली. राजा लुई फिलिप म्हणाला, जा, पण आधी दक्षिण ध्रुवाकडे. इंग्रज दर्यावर्दी वेडेल ७४ अंश दक्षिण अक्षांशापलीकडे गेला होता आणि राजाला त्याच्यावर मात हवी होती. खलाशांना बक्षीस लावलं: ७५ अंश गाठले तर प्रत्येकी १०० फ्रँक, आणि पुढच्या प्रत्येक अंशाला २० फ्रँक जास्त. कप्तान सत्तेचाळीस वर्षांचा, पायांना संधिवात, चालताना लंगडणारा. हा म्हातारा आपल्याला कुठवर नेणार, असं खलाशी आपसांत म्हणत. त्याच्या कानावर ते आलं आणि त्याने ते स्वतःच लिहून ठेवलं.

७ सप्टेंबर १८३७ ला तूलोंहून ‘आस्त्रोलाब’ आणि ‘झेले’ निघाली. तोफांसाठी बाजूला रुंद झरोके ठेवलेली ही जहाजं बर्फाच्या कामाची नव्हतीच. १८३८ च्या सुरुवातीला वेडेल समुद्रात समोर बर्फाची भिंत उभी राहिली. एकदा तर जहाजं पाच दिवस अडकून पडली. माणसं बर्फावर उतरून कुदळींनी तो फोडत होती, दोरखंडांनी जहाजं ओढत होती. ७५ वा अंश लांबच राहिला, ६५ वासुद्धा हाती लागला नाही. त्यात ताजी फळं-भाज्या न मिळाल्याने होणारी स्कर्व्ही आली. हिरड्या सुजल्या, पाय काळेनिळे पडले. दोन्ही जहाजं कशीबशी चिलीला पोचली.

तिथे आदेलचं पत्र वाट पाहत होतं. धाकटा मुलगा कॉलऱ्याने गेला होता. तिने नवऱ्याला परत यायची विनवणी केली होती.

तो परतला नाही. या जागी मी नेहमी थांबतो. कर्तव्य म्हणा, हट्ट म्हणा, मला अजून ठरवता आलेलं नाही. तो पुढे प्रशांत महासागरात गेला. १८३९ च्या अखेरीस सुमात्राहून टास्मानियातल्या होबार्टला येताना जहाजांवर आमांशाची साथ पसरली. संपूर्ण सफरीत वीसहून अधिक माणसं गेली, त्यातली बरीचशी या टप्प्यात.

आणि तरी १ जानेवारी १८४० ला होबार्टहून तो पुन्हा दक्षिणेला निघाला. या खेपेला दैव अनुकूल होतं. खलाशांनी ध्रुववृत्त ओलांडण्याचा सोहळा केला, सोंगं घेतली, एकमेकांवर तांदूळ आणि घेवड्याचे दाणे उधळले. समोर उंच बर्फाचा किनारा होता, पण जमीन कुठेच उघडी नाही. मग काही खडकाळ बेटं दिसली. होड्या पाठवल्या गेल्या. उतरणाऱ्यांनी आधी तिथल्या पेंग्विनांना हुसकावलं, फ्रेंच झेंडा रोवला, कुदळींनी ग्रॅनाइटचे तुकडे फोडले आणि बोर्दो वाइनची बाटली उघडली. त्या दिवशी समुद्र शांत होता. याच किनाऱ्यावर हिमपठारावरून कोसळत येणारे वारे जगातल्या सर्वांत भयंकर वाऱ्यांपैकी आहेत, हे पुढच्या लोकांना कळलं.

त्या भूमीला त्याने नाव दिलं, आदेलीची भूमी. तीनदा लांबचा, जिवाला लागणारा विरह जिने मान्य केला, तिच्याविषयीची कृतज्ञता म्हणून. मुलाच्या मृत्यूच्या पत्राला त्याने दिलेलं हे उत्तर होतं का? मला तसं वाटतं. पेंग्विनचं नाव मागाहून आलं, मोहिमेवरच्या निसर्गतज्ज्ञांकडून.

२९ जानेवारीला धुक्यातून एक अमेरिकन जहाज आलं. तेही अंटार्क्टिकाच्या शोधात. त्याच्या मागे पडू नये, सोबत राहावं म्हणून फ्रेंचांनी शीड चढवलं. अमेरिकनांना वाटलं, हे आपल्याला टाळतायत. त्यांनी तोंड फिरवलं. त्या निर्मनुष्य समुद्रात माणसांची भेट झाली आणि दोघंही रुसून गेले. आपल्याकडे लग्नात मानपानावरून होतं, तेच.

नोव्हेंबर १८४० मध्ये द्युर्व्हिल घरी आला. रिअर ॲडमिरल झाला. भूगोल मंडळाचं सुवर्णपदक मिळालं. पुन्हा समुद्रावर जाण्याची प्रकृती नव्हती, म्हणून सफरीचा वृत्तांत लिहू लागला.

८ मे १८४२, रविवार. व्हर्सायला राजाच्या सणानिमित्त कारंजी सोडली होती. द्युर्व्हिल, आदेल आणि मुलगा ज्यूल असे तिघे ती बघायला गेले. परतताना पॅरिसची आगगाडी पकडली. मदोंजवळ पुढच्या इंजिनाचा आस मोडला, डबे एकमेकांवर चढले आणि इंजिनातल्या निखाऱ्यांमुळे त्यांनी पेट घेतला. त्या काळी प्रवाशांना आत बसवून दारांना बाहेरून कुलूप लावत. पन्नासहून अधिक माणसं मेली. हे तिघेही.

देह ओळखण्यापलीकडे गेले होते. ‘आस्त्रोलाब’वर द्युमूत्ये नावाचा एक गृहस्थ होता. कवटीच्या ठेवणीवरून स्वभाव सांगण्याच्या त्या काळच्या शास्त्राचा तो जाणकार. बेटोबेटी त्याने माणसांच्या डोक्यांचे साचे घेतले होते. ते शास्त्र पुढे खोटं ठरलं, पण जळालेल्या देहांमधून कवटी पाहून आपल्या कप्तानाला ओळखलं ते त्यानेच.

पॅरिसमधल्या मोंपार्नास दफनभूमीत त्याचं थडगं आहे. आदेल आणि मुलगा त्याच्याजवळच आहेत.

नमस्कार.