परभणीची पोर आणि कराचीचे ईधी

(परभणी रेल्वे स्टेशन. फलाटावर बोचकी, पिशव्या, गाडीची वाट बघणारी माणसं.)

नांदेडहून अमृतसरला जाणारी सचखंड एक्सप्रेस मराठवाड्याला नवी नाही. परभणी, जालना, छत्रपती संभाजीनगर करत ती वर पंजाबात जाते. या गाडीच्या प्रवाशांना वाटेतल्या स्टेशनांवर लंगर मिळतो. गाडी थांबली की डब्याच्या दारात ताटं आणि टिफिन पुढं होतात, आणि वाढणारे वाढत जातात. तू कोण, कुठला, असं कुणी विचारत नाही.

वीसेक वर्षांपूर्वी बोलता-ऐकता न येणारी एक लहान मुलगी बहुधा याच गाडीत चढली. तिच्या घराचा माग काढणाऱ्यांचा तसा अंदाज आहे. अमृतसरला उतरल्यावर ती पाकिस्तानात जाणाऱ्या गाडीत जाऊन बसली. लाहोरच्या स्टेशनवर समझौता एक्सप्रेसमध्ये ती एकटी सापडली. तिला नाव सांगता येत नव्हतं, गाव सांगता येत नव्हतं.

अशा पोरीचं पुढं काय होऊ शकतं, हे आपल्याला ठाऊक आहे. तसं काही झालं नाही, कारण त्या देशात अब्दुल सत्तार ईधी नावाचा एक माणूस होता.

(जुनी छायाचित्रं. काळसर साधे कपडे, लांब पांढरी दाढी, डोक्यावर टोपी.)

ईधींचा जन्म १९२८ चा, गुजरातमधल्या जुनागढजवळच्या बांटव्याचा. घराणं व्यापारी मेमन मुसलमानांचं. शाळेत जाताना आई रोज दोन पैसे हातावर ठेवायची. एक तुझा, दुसरा तुझ्याहून गरजू असेल त्याचा. संध्याकाळी हिशेब व्हायचा, आणि दोन्ही पैसे स्वतःवरच उडवले असतील तर बोलणी बसायची.

अकरा वर्षांचे असताना त्यांच्या आईला अर्धांगवायू झाला. मनावरचा ताबाही हळूहळू सुटत गेला. तिला अंघोळ घालणं, कपडे बदलणं, घास भरवणं हे सगळं या पोरानं केलं. शाळा मागं पडली. अंथरुणाला खिळलेलं माणूस ज्या घरात असतं, त्या घरातल्यांना हे काम काय असतं ते वेगळं सांगायला नको. चादर रोज बदलावी लागते, आणि आज बदलली म्हणून उद्या चुकत नाही. ईधींचं शिक्षण असं घरात झालं. ज्यांना आई नाही, ज्यांची शुद्ध हरपली आहे, त्यांचं कोण करत असेल, हा प्रश्न त्यांना तिथंच पडला. ते एकोणीस वर्षांचे असताना आई गेली.

१९४७ साली फाळणी झाली आणि कुटुंब कराचीला गेलं. जुनागढसारख्या संस्थानी मुलखात ते वर्ष कसं गेलं असेल, हे मराठवाड्याला थोडं तरी कळतं. आपणही तेव्हा निजामाच्या अमलाखाली होतो, आणि आपली सुटका व्हायला १७ सप्टेंबर १९४८ उजाडावा लागला.

कराचीत मेमन समाजाचा एक धर्मादाय दवाखाना होता. तरुण ईधी तिथं कामाला लागले आणि लवकरच त्यांच्या लक्षात आलं, की औषध मिळतं ते फक्त आपल्या समाजाच्या माणसाला. त्यांनी उघडपणे विरोध केला. रोग्याची जात बघून गोळी द्यायची, हे त्यांना सहन होण्यासारखं नव्हतं. त्यांना बाहेर पडावं लागलं. १९५१ साली मिठादर भागात त्यांनी एक छोटीशी जागा घेतली आणि स्वतःचा दवाखाना काढला. रात्री ते बाहेरच्या सिमेंटच्या बाकावर झोपायचे. अपरात्री कुणी आलं तर दार वाजवायची वेळ येऊ नये, एवढाच हेतू.

आपल्याकडंही समाजासमाजाची वसतिगृहं आहेत, ट्रस्ट आहेत, मंगल कार्यालयं आहेत. त्यांनी पुष्कळ पोरं शिकवली, हे नाकारता येणार नाही. पण दाराशी आलेला दुसऱ्या समाजाचा असेल तर काय, या प्रश्नाशी आपण बहुतेक जण थांबतो. ईधी तिथून पुढं गेले. हिंदूंना आणि ख्रिश्चनांना गाडीत का घेता, असं लोक त्यांना विचारायचे. माझी गाडी तुमच्याहून जास्त मुसलमान आहे, असं त्यांचं उत्तर असायचं.

ती गाडी आली १९५७ साली. कराचीत फ्लूची साथ पसरली होती. ईधींनी गावाबाहेर तंबू ठोकले, औषधं आणली आणि लोकांपुढं झोळी पसरली. मिळालेल्या देणगीतून एक जुनी व्हॅन घेतली. ती ते स्वतःच चालवायचे. त्या एका व्हॅनपासून पुढं एवढा ताफा उभा राहिला, की जगातली सर्वांत मोठी स्वयंसेवी रुग्णवाहिका सेवा म्हणून गिनीज बुकानं त्याची नोंद घेतली.

रुग्णवाहिका म्हटलं की आपल्याला जिवंत माणूस आठवतो. ईधींच्या गाडीत मुडदेही असायचे. समुद्रात फुगलेले, रुळांवर तुटलेले, ज्यांना हात लावायला सख्खे नातेवाईकही कचरतात असे. ईधी त्यांना स्वतः अंघोळ घालायचे, कफन घालायचे. ३० सप्टेंबर १९९३ ची किल्लारीची पहाट ज्यांनी बघितली, त्यांना या कामाचं वजन कळेल. ढिगाऱ्यातून काढलेला मृतदेह कुणाचा, हे सांगायलाही घरातलं कुणी उरलेलं नसतं, तेव्हा त्याचं शेवटचं करणारा परका माणूस फार जवळचा वाटतो.

(लोखंडी पाळणा. त्यात घडी केलेली चादर.)

हा पाळणा बघा. पाकिस्तानात याला झुला म्हणतात. ईधींच्या केंद्रांबाहेर असे पाळणे ठेवलेले असतात. मारू नका, पाळण्यात ठेवा, एवढंच त्यांचं लोकांना सांगणं. बाळ ठेवून जाणाऱ्या बाईला कुणी थांबवत नाही, तिचा चेहरा कुणी बघत नाही. अशा लेकरांच्या कागदावर बापाचं नाव काय लिहायचं? जवळपास २० हजार मुलांच्या कागदावर पालक म्हणून अब्दुल सत्तार ईधी यांचं नाव लागलं. शाळेच्या दाखल्यावर वडिलांचा रकाना रिकामा असला की पोराची काय गत होते, हे ज्यानं बघितलंय, त्याला ही सही केवढी मोठी आहे ते समजेल.

या पाळण्यांचा सगळा भार त्यांच्या पत्नी बिल्किस यांच्यावर होता. त्या परिचारिका. ईधींच्याच दवाखान्यात शिकायला आल्या आणि आयुष्यभर राहिल्या. १९८६ साली दोघांना मिळून रॅमन मॅगसेसे पुरस्कार मिळाला. धर्माच्या नावानं शिव्याही दोघांनी खाल्ल्या. हे पाळणे पापाला उत्तेजन देतात, असं सांगणारे कमी नव्हते. पाळणे हलले नाहीत.

लाहोरला सापडलेली मुलगी ईधींच्याच आसऱ्याला आली आणि पुढं कराचीला बिल्किस यांच्याजवळ वाढली. आधी तिचं नाव फातिमा ठेवलं होतं. मग बिल्किस यांच्या ध्यानात आलं, की ही पोर हात जोडते, मोठ्यांच्या पाया पडते. त्यांनी तिचं नाव गीता केलं. राहत्या जागेत तिच्यासाठी देवघर मांडलं, देवांच्या तसबिरी आणल्या. तिला मांस नको असायचं, तेही जपलं.

मला ईधींच्या सगळ्या कामात हे काम फार थोर वाटतं. गाड्या पैशानं उभ्या राहतात. पण जिला स्वतःचा धर्म तोंडानं सांगताही येत नाही, जी पूर्णपणे आपल्या हवाली आहे, तिला आपल्यासारखी करून न घेता तिची तिलाच ठेवायची, याला मन लागतं. तेही शत्रू म्हणवणाऱ्या देशात.

२०१५ साली, सीमेपलीकडच्या हरवलेल्या मुक्या मुलीची गोष्ट सांगणारा एक हिंदी चित्रपट गाजला आणि गीताकडं सगळ्यांचं लक्ष गेलं. २६ ऑक्टोबरला ती दिल्लीला उतरली. सोबत बिल्किस होत्या. भारताच्या पंतप्रधानांनी ईधी फाउंडेशनला १ कोटी रुपये जाहीर केले. ईधींनी आभार मानून ते नाकारले. सरकारचा पैसा घ्यायचा नाही, मग ते कुठलंही सरकार असो, हा त्यांचा नेम होता.

तेव्हा त्यांची मूत्रपिंडं निकामी होत आली होती. परदेशात उपचाराचा देकार आला, त्यांनी मायदेशातलाच दवाखाना पसंत केला. ८ जुलै २०१६ रोजी ते गेले. डोळे दान करून गेले. कबर त्यांनी बऱ्याच वर्षांपूर्वी स्वतःच खणून ठेवली होती, आणि अंगावरच्या कपड्यांतच दफन करा, असं सांगितलं होतं.

(पुन्हा परभणी स्टेशन. गाडी सुटते आहे.)

गीता इंदूरच्या एका संस्थेत राहिली. ही आमचीच पोर म्हणत कितीतरी कुटुंबं आली, पण कुणाचंच जुळेना. तिच्या आठवणीत एक स्टेशन होतं, एक नदी होती, एक देऊळ होतं. सांकेतिक भाषा जाणणाऱ्यांनी तेवढ्या आधारावर तिला घेऊन गोदावरीच्या काठाची गावं पालथी घातली. शोध परभणीला येऊन थांबला.

गीताचे वडील तोवर वारले होते. आई होती. पोरीच्या पोटावर लहानपणी भाजल्याची खूण आहे, असं आईनं सांगितलं, आणि खूण तिथंच होती.

मार्च २०२१ मध्ये ही बातमी पत्रकारांना कराचीतून कळली. गीता फोनवर संपर्कात होती, तिनंच मला कळवलं, तिला तिची आई सापडली, असं सांगत होत्या बिल्किस.