पॉवर प्रेसला कोणते संरक्षण पुरेसे?

नमस्कार, श्रोतेहो. कुपवाड आणि मिरजेच्या औद्योगिक वसाहतींतील कारखान्यांत काम करणाऱ्यांना पॉवर प्रेस, म्हणजे पत्रा दाबून कापणारे किंवा त्याला आकार देणारे यंत्र, नवा नाही. यंत्राच्या धोकादायक भागांना कुंपण असावे, हे २०२५ पर्यंत लागू असलेल्या १९४८ च्या कारखाने अधिनियमाच्या कलम २१ मध्ये सांगितले होते. परंतु हे कुंपण कोणते आणि किती भक्कम, हे जोखमीचे मूल्यमापन केल्याशिवाय ठरत नाही.

यंत्रसुरक्षेच्या आयएसओ १२१०० या आंतरराष्ट्रीय मानकानुसार आधी यंत्राच्या रचनेतूनच धोका दूर करता येतो का ते पाहावे, मग गार्ड आणि संरक्षक साधने बसवावीत, आणि उरलेल्या जोखमीपुरत्या सूचना द्याव्यात. आपल्याकडे मात्र ‘आत हात घालू नये’ ही पाटीच सर्वांत आधी लागते.

इजा किती गंभीर होईल, कामगार धोक्याच्या जागी किती वेळा जातो आणि ऐन वेळी त्याला हात मागे घेता येईल का, हे तीन प्रश्न प्रेसला विचारून पाहा. बोटे तुटली तर ती भरून येणारी इजा नव्हे. हाताने जॉब, म्हणजे दाबायचा तुकडा, ठेवायचा असेल तर प्रेसच्या प्रत्येक स्ट्रोकला हात डायमध्ये, म्हणजे साच्यात, जातो. आणि रॅम, म्हणजे वरून खाली येणारा भाग, सुटल्यावर सावरायला अवधीच मिळत नाही. तिन्ही उत्तरे अशी आली, की आयएसओ १३८४९ नुसार सुरक्षा नियंत्रणाची सर्वोच्च पातळी, म्हणजे ‘ई’, लागते. तेथे एकटा लिमिट स्विच, म्हणजे गार्ड बंद आहे का हे ओळखणारा साधा स्विच, चालत नाही.

मग अनेक जण लाइट कर्टन, म्हणजे हात आड आला की प्रेस थांबवणारा प्रकाशकिरणांचा पडदा, मागवतात. हात सेकंदाला २००० मिलिमीटर वेगाने पुढे येतो असे धरतात. कर्टनसह प्रेस थांबायला ०.२ सेकंद लागत असतील, तर बोट ओळखणारा, म्हणजे १४ मिलिमीटर जाडीची वस्तू टिपणारा कर्टनही डायपासून किमान ४०० मिलिमीटर दूर हवा. थांबण्याचा हा वेळ मोजूनच घ्यावा. ब्रेक लायनिंग झिजले की तो वाढतो.

आणि जुन्या की-क्लच प्रेसवर कर्टनचा उपयोगच नाही, कारण रॅमला गती जोडून देणारा हा क्लच एकदा गुंतला की रॅम मध्येच थांबवता येत नाही. तेथे हात आत जाणारच नाही अशी बंदिस्त डाय किंवा पक्का गार्ड हवा. विक्रेता काहीही म्हणो.

डाय बदलणे आणि अडकलेला स्क्रॅप काढणे ही कामेही मूल्यमापनात धरावीत. मोटर बंद केल्यावरही फ्लायव्हील, म्हणजे प्रेसचे जड चाक, फिरत राहते, म्हणून ते पूर्ण थांबू द्यावे, मेन स्विचला कुलूप लावावे आणि रॅमखाली त्याला अडवून धरणारा सेफ्टी ब्लॉक ठेवूनच आत हात घालावा.