कालियरी : बर्डीच्या खाली एक खदान

[दृश्य : सीताबर्डी, संध्याकाळ. पुलावरून मेट्रो जाते. मागे टेकडीचा काळा खडक.]

बर्डीवर तुम्ही चप्पल घ्यायला आला असाल, नाहीतर मोबाईलचं कव्हर. मागे टेकडी आहे, टेकडीवर किल्ला आहे, हे नागपूरकराला सांगायची गरज नाही. पण ही टेकडी लाव्हाची आहे, साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची. आणि लाव्हाच्या थरांच्या मधात गाळाचा एक पातळ पट्टा आहे.

लाव्हाचा एक लोंढा आला, निवला. मग कितीतरी काळ काहीच झालं नाही. तळं साचलं. तळ्यात गोगलगायी झाल्या. मग पुढचा लोंढा आला आणि तळं झाकून टाकलं.

१८४५ मध्ये नागपुरात आलेले मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांना बर्डी आणि टाकळीच्या अशा थरांत गोड्या पाण्यातल्या गोगलगायींचे शंख सापडले. सिव्हिल लाइन्समधलं कॉलेज त्यांच्याच नावाचं. दगडात डोकं घालून बसणारा पाद्री तेव्हाच्या लोकांना कसा वाटला असेल, कोण जाणे.

आमची काल्पनिक खदान ह्याच पट्ट्यात सुरू होते.

[दृश्य : ॲनिमेशन. खदानीचं तोंड, वर रंगवलेली पाटी.]

नाव 'कालियरी'. कोळशाच्या खदानीला इकडे कोलियरी म्हणतात. आमच्या चित्रकाराकडून पाटी रंगवताना 'को'वरची मात्रा राहून गेली. आम्ही ती पुन्हा दिली नाही.

कालियरीतून पळ निघतं. पळ म्हणजे जुन्या मोजणीतलं, चोवीस सेकंदांचं. साठ पळांची घटका, साठ घटकांचा एक अहोरात्र. दिसायला ओल्या गुळाच्या खड्यासारखं. मुठीत धरलं की भोवतीचा आवाज मंदावतो.

ते सापडतं कुठे? जिथे बराच काळ काही घडलेलं नाही तिथे. घडलं की वेळ खर्ची पडतो. नुसती वाट पाहिली गेली, तर तो तळाशी साचत जातो, तळ्यातल्या गाळासारखा. म्हणून कालियरीचे जाणते लोक ज्वालामुखी शोधत नाहीत, दोन ज्वालामुखींच्या मधली शांतता शोधतात.

[दृश्य : सावनेर रस्ता. कोळशाचे ट्रक. दूर कोराडीच्या वीजकेंद्राच्या चिमण्या.]

पळ काढायचं कसं, ते मात्र आम्हाला कल्पनेतून सुचलं नाही. ते सावनेर-सिलेवाड्याकडच्या जमिनीखालच्या खाणींनी शिकवलं.

इथला कोळसा पंचवीस कोटी वर्षांहून जुना. ग्लोसोप्टेरिस नावाच्या झाडांच्या जिभेसारख्या पानांचे ठसे कामठीकडच्या खडकांत सापडले आहेत. तेव्हा भारत, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, अंटार्क्टिका एकमेकांना चिकटलेले होते. त्या सगळ्या भूमीला जगाने नाव दिलं गोंडवाना, आपल्या गोंडांच्या मुलखाचं. तेव्हाच्या पानांनी खाल्लेलं ऊन आज कोराडी-खापरखेड्याला जळतं आणि आपल्या घरचा कूलर फिरतो. म्हणजे उन्हावर उतारा म्हणून आपण ऊनच वापरतो.

तर पद्धत. आधी कोळशात आडव्या-उभ्या गल्ल्या पाडतात आणि मधात कोळशाचेच चौकोनी खांब सोडतात. छत त्या खांबांवर उभं. पण खांबही कोळसाच! मग टोकाला पोचल्यावर मागे फिरायचं आणि येता येता एकेक खांब काढत यायचं. ह्याला डिपिलरिंग म्हणतात. मागचं छत मुद्दाम पडू देतात. पडलेल्या भागाला म्हणतात गोफ. गोफात कोणी पाऊल टाकत नाही. आणि खाली छत पडलं की कधीकधी वरची जमीन खचते, शेताला भेगा जातात.

कालियरीत हेच होतं. फक्त तिथे वरच्या गावाची दुपार खचते.

[दृश्य : ॲनिमेशन. एका घराचं स्वयंपाकघर.]

मावशी चुलीवर वरण ठेवते. मागे वळून पाहते, तर दिवेलागण झालेली. वरण करपलेलं.

"अवो, आत्ताच तं दुपार होती! कोठं गेली?"

मुकादम ओट्यावर बसलेला असतो. "खाली खांब काढून राह्यले, मावशी."

मे महिन्यातल्या नागपूरकराला हे नुकसान वाटणार नाही. दुपार नेता? घेऊन जा! आमच्या पहिल्या प्रेक्षकांनी हेच म्हटलं. पण त्या दुपारी मावशीचा मुलगा घरी यायचा होता. तो आला की नाही, हे आता गावात कोणालाच सांगता येत नाही.

मजुरीचंही सांगून टाकतो. आठ तासांच्या पाळीला दोन घटका, म्हणजे अठ्ठेचाळीस मिनिटं. बाकीचे सात तास बारा मिनिटं कोणाच्या घरात जातात, ते आम्ही चित्रात दाखवलेलं नाही. घर खूप मोठं काढावं लागलं असतं.

[दृश्य : दिव्यांची खोली. भिंतीवर नंबर टाकलेल्या खुंट्या.]

ही खोली खऱ्या खाणीतली, जशीच्या तशी उचलली आहे. प्रत्येकाच्या टोपीवरच्या दिव्याला नंबर असतो. पाळी सुटली आणि खुंटी रिकामी राहिली, तर आत कोणीतरी आहे, हे कळतं. कालियरीत नंबराखाली खडूने वय लिहितात. आत जाताना बत्तीस, बाहेर येताना कधी बत्तीस, कधी एकोणचाळीस. दिवेवाला काही बोलत नाही. पुसतो आणि नवा आकडा लिहितो.

शेवटच्या दिवशी शेवटचा खांब काढायचा असतो. जुने खाणकामगार लोखंडी टेकूपेक्षा लाकडी टेकूवर जास्त भरवसा ठेवतात, कारण लाकूड मोडण्याआधी करकरतं. इथेही टेकू करकरतो. मुकादम हात वर करतो. सगळे धावत सुटतात. मागे छत बसतं. धूळ.

दिवेवाला मोजतो. खुंट्या चाळीस, दिवे एक्केचाळीस.

पुन्हा मोजतो. एक्केचाळीस.

रांगेच्या शेवटी एक पोरगा उभा आहे. अंगावर धूळ नाही, हातात जेवणाचा डबा.

"तुझा नंबर?"

"नंबर नाही, काका. मी तं दुपारचा आलो."

[पडदा काळा. वरण करपल्याचा चुर्र आवाज.]