पोच घेतली होती का?

मी वकील. माझ्याकडे माणूस येतो तो बहुधा दोन-तीन वर्षं हेलपाटे घालून. हातात प्लास्टिकची पिशवी, आत झेरॉक्सचा गठ्ठा. मुलीच्या जन्मदाखल्यावर आईचं नाव ‘सुनंदा’ऐवजी ‘सुनदा’ पडलंय. एक अनुस्वार, आणि पासपोर्ट अडलाय. मी विचारतो, अर्जाची पोच? तो म्हणतो, ‘ओळखीचे आहेत हो, कागद ठेवून घेतला त्यांनी.’

आता मी हायकोर्टात दाखवू काय? अनुच्छेद २२६ खाली परमादेश मागायचा, म्हणजे कायद्यानं नेमून दिलेलं काम कर असं अधिकाऱ्याला सांगायला लावायचं. त्याआधी ते काम आपण मागितलं होतं आणि त्यानं केलं नाही, हे कागदावर हवं. बारनिशीचा, म्हणजे आलेले कागद नोंदवणाऱ्या टेबलाचा शिक्का, आवक क्रमांक, तारीख. शिक्का पुसट असला तर पुन्हा मारून घ्या, लाजू नका.

खिडकीवर ऐकायला मिळतं, ‘एकदा नोंद झाली की हात लावता येत नाही.’ जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम १९६९, कलम १५ वाचा. मूळ नोंद खोडायची नाही हे खरं, पण चूक सिद्ध झाली की निबंधकानं समासात दुरुस्ती लिहून खाली सही आणि तारीख टाकायची. वहीत त्यासाठी समास आहे! अर्जात हे कलम घाला, बोलण्याचा सूर बदलतो.

बरं, कोर्ट दाखला दुरुस्त करून हातात देतं का? क्वचित. बहुतेकदा आदेश येतो, अर्जदाराला ऐकून अमुक आठवड्यांत निर्णय घ्या, याचिका निकाली. पक्षकाराचा चेहरा पडतो. मी सांगतो, तुला तारीख मिळाली. ती मोडली तर अवमान याचिका, पण वर्षाच्या आत. आणि नकार आलाच तर तो कारणांसह लेखी येईल, त्यावर भांडता येतं.

बाप कोण, जन्म कधीचा, असा पुराव्याचाच वाद असेल तर रिटमध्ये, म्हणजे या २२६ च्या याचिकेत, वेळ घालवू नका. दिवाणी न्यायालयात घोषणेचा दावा लावायचा, म्हणजे खरं काय ते न्यायालयानंच जाहीर करावं असा. सरकार प्रतिवादी असेल तर आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस.

सेवा अधिसूचित, म्हणजे सरकारनं जाहीर केलेल्या यादीत असेल तर २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याखाली अपील करा. वकील लागत नाही आणि दोषी अधिकाऱ्याला पाचशे ते पाच हजारांपर्यंत दंड होऊ शकतो.

सरकारी नोकरदारांनो, सेवापुस्तकातली जन्मतारीख मात्र वेगळी गोष्ट. नोकरीला लागल्यापासून पाच वर्षांत अर्ज हवा. निवृत्तीच्या तोंडावर आठवण झालेल्यांना सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा पुन्हा परत पाठवलंय, आणि मला ते रास्त वाटतं.

मघाशी मागून कुणी सातबाऱ्याचं विचारलं. नाव लिहिताना चुकलं असेल तर महसूल संहितेचं कलम १५५, अर्ज तहसीलदारांकडे. भाऊबंदकीचा वाद असेल तर हे कलम कामाचं नाही. आणि हो काका, पोच घ्या.