कार्यक्रम संपल्यावर शहरात किती रुपये उरतात?

मित्रहो,

२५ आणि २६ जानेवारी २०२५ ला अहमदाबादच्या नरेंद्र मोदी स्टेडियमवर कोल्डप्ले या ब्रिटिश बँडचे दोन कार्यक्रम झाले. त्यानंतर आयोजक बुकमायशो आणि सल्लागार संस्था ईवाय-पार्थेनॉन यांचा अहवाल आला. त्यात एकूण आर्थिक परिणाम ६४१ कोटी रुपये सांगितला होता आणि त्यातला अहमदाबाद शहराच्या वाट्याचा ३९२ कोटी. वर्तमानपत्रांत मथळे झाले ते ६४१ चे. शहराच्या दृष्टीने महत्त्वाचा आकडा दुसरा आहे. पहिल्या आकड्यातले २४९ कोटी तर अहवालानेच शहराबाहेरचे धरले आहेत. शिवाय अहवाल काढणाऱ्यांत आयोजक स्वतः आहे, हेही वाचताना लक्षात ठेवावं लागतं.

त्याच महिन्यात १८, १९ आणि २१ तारखेला हेच कार्यक्रम नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर झाले होते. तेव्हा आज हिशेब मुंबईचा मांडू. हिशेबासाठी आकडे मी धरून चालतो, ते कुठल्या एका कार्यक्रमाचे नाहीत. पण खर्चाची शीर्षकं खरी आहेत आणि पैसा फिरतो तो याच वाटांनी.

समजा, स्टेडियममध्ये परदेशी कलाकाराचा एक कार्यक्रम आहे. ४०,००० तिकिटं, सरासरी किंमत ५,००० रुपये. गल्ला २० कोटी. ५०० रुपयांवरच्या तिकिटावर १८ टक्के जीएसटी लागतो. तो किमतीत धरलेला असेल तर आयोजकाच्या हातात १६ कोटी ९५ लाख राहतात आणि ३ कोटी ५ लाख कर म्हणून जातात, निम्मे केंद्राला, निम्मे राज्याला. महापालिकेला यातून थेट काही मिळत नाही. जकात गेल्यावर राज्याकडून तिला जी भरपाई मिळते ती ठरलेल्या वाढीने येते, शहरात कार्यक्रम जास्त झाले म्हणून वाढत नाही. रस्ता झाडायचा महापालिकेने आणि कर जमा व्हायचा दुसऱ्याच्या खात्यात, ही या धंद्यातली मूळ विसंगती आहे.

पुढे मानधन. ते ७ कोटी ठरलंय असं धरू. परदेशी कलाकाराचा करार बहुधा ‘हातात येणारी रक्कम’ असा असतो, म्हणजे कर आयोजकाने सोसायचा. अनिवासी परदेशी कलाकाराच्या मानधनावर २० टक्के कर कापावा लागतो, वर अधिभार आणि उपकर. हे वरचे दोन बाजूला ठेवले तरी ७ कोटी हातात देण्यासाठी आयोजकाला पावणेनऊ कोटी मोजावे लागतात. नवे आयोजक इथे ७ कोटींवर २० टक्के लावून १ कोटी ४० लाख धरतात. खरा आकडा ७ भागिले ०.८, म्हणजे कर १ कोटी ७५ लाख. अंदाजपत्रकात ३५ लाखांचं भोक पहिल्याच दिवशी पडतं.

उरले ८ कोटी २० लाख. त्यातून साऊंड, लाइट, एलईडी, ट्रस (दिवे टांगायचा धातूचा सांगाडा), स्टेज, जनरेटर, बॅरिकेड आणि मजूर मिळून साडेतीन कोटी. मैदानाचं भाडं दीड कोटी. विमानं, मालवाहतूक, हॉटेल सव्वा कोटीच्या आत, १ कोटी २० लाख धरू. सुरक्षा, रुग्णवाहिका, सफाई ८० लाख. जाहिरात, विमा आणि परवाने ७० लाख. तिकीट विक्रीचं कमिशन ५० लाख. बेरीज बरोबर ८ कोटी २०. तिकिटांवर आयोजकाला काहीच सुटलं नाही, आणि मोठ्या कार्यक्रमांत हे नवलाचं नाही. नफा निघतो प्रायोजकांकडून आणि खाण्यापिण्याच्या स्टॉलांकडून.

आता यातलं मुंबई महानगरात राहिलं किती? मानधन गेलं, कर गेला. साडेतीन कोटींपैकी एक कोटी परदेशी तंत्रज्ञ आणि बाहेरून आणलेल्या सामानाचा धरू, अडीच राहिले. मैदानाचे दीड राहिले. प्रवास-मुक्कामातले ६० लाख राहिले. सुरक्षा-सफाईचे ८० राहिले. जाहिरातीतला निम्मा पैसा समाजमाध्यमांच्या परदेशी कंपन्यांकडे जातो, म्हणून ३५. तिकीट कंपनी मुंबईचीच असेल तर तिचे ५०. सगळे मिळून सव्वासहा कोटी. म्हणजे २० कोटींतले पावणेचौदा कोटी महानगराबाहेर गेले.

आणि ते २० कोटी आले कुठून? ७० टक्के तिकिटं इथल्याच लोकांनी घेतली असतील तर १४ कोटी मुळातच इथले होते. बाहेरून आले ते ६ कोटी. सहा आले, पावणेचौदा गेले. तिकिटांपुरता हिशेब पावणेआठ कोटींनी उणा आहे. उत्सवी भाषणांत हा भाग कोणी सांगत नाही, म्हणून मी तो मुद्दाम पैशापैशाने मांडतोय.

उण्याची भरपाई होते ती पाहुण्यांच्या खर्चातून. बाहेरून आलेले प्रेक्षक १२,०००. पण हे सगळे कार्यक्रमासाठी आलेले नसतात. जॉन क्रॉम्प्टन या अमेरिकन अभ्यासकाने १९९५ मध्ये अशा मोजमापातल्या अकरा चुका मांडल्या. त्यातल्या दोन इथे लागू पडतात. काही जण कामासाठी किंवा नातेवाइकांकडे येणारच होते, आलेच आहोत तर तिकीट काढलं. काही जण पुढच्या महिन्यात येणार होते, त्यांनी तारीख अलीकडे आणली. समजा पहिले २,००० आणि दुसरे १,५००. दोन्ही वजा केले की ८,५०० उरतात. माणशी ६,००० रुपये खर्च धरला तर ५ कोटी १० लाख. तरीही हिशेब २ कोटी ६५ लाखांनी उणाच.

मग कार्यक्रम शहराला तोट्याचा का? नाही. आणखी एक आकडा घ्यायचा राहिलाय. अहमदाबादच्या त्या कार्यक्रमांसाठी पश्चिम रेल्वेने वांद्रे टर्मिनसहून विशेष गाड्या सोडल्या होत्या. कार्यक्रम आपल्या शहरात नसला की इथला माणूस पैसे घेऊन तिकडे जातो. आपल्या २८,००० स्थानिक प्रेक्षकांपैकी ५,००० जण तसे गेले असते आणि तिकीट, प्रवास, मुक्काम मिळून माणशी १३,००० खर्चून आले असते, तर साडेसहा कोटी बाहेर गेले असते. ते थांबले. आता हिशेब ३ कोटी ८५ लाखांनी अधिक झाला. उणे की अधिक, हे ठरवणारा आकडा हाच आहे आणि नेमका तोच सर्वेक्षणात विचारला जात नाही.

म्हणून सर्वेक्षणाबद्दल थोडं सविस्तर बोलतो. प्रश्नावली आत येण्याच्या रांगेत भरून घ्यायची. बाहेर पडताना लोकांना घर गाठायचं असतं, उत्तरं नीट मिळत नाहीत. प्रत्येक विसावा माणूस निवडायचा. कोण बोलका दिसतो ते पाहून निवडला की नमुना बिघडतो. १,००० नीट निवडलेल्या उत्तरांत टक्केवारीची चूक साधारण तीन टक्क्यांच्या आत राहते, त्याहून मोठ्या नमुन्यावर पैसे घालवू नयेत. विचारायचं असं: पिनकोड कोणता, इथे किती रात्री राहणार, हा कार्यक्रम नसता तर या दोन-तीन महिन्यांत इथे आला असता का, आणि हा कार्यक्रम दुसऱ्या शहरात असता तर तिथे गेला असता का. खर्च विचारताना तो स्वतःचा की सोबतच्या चौघांचा, हे त्याच प्रश्नात विचारलं पाहिजे. ते राहिलं की चौघांचा खर्च एका माणसाच्या नावावर लागतो आणि एकूण आकडा तिपटीने-चौपटीने फुगतो. दोन्ही दिवस आलेला माणूस दोनदा मोजला जातो, हीसुद्धा नेहमीची चूक.

हद्दही आधी ठरवायची. डी. वाय. पाटील स्टेडियम नवी मुंबई महापालिकेच्या हद्दीत आहे. फक्त बृहन्मुंबई धरली तर नेरुळच्या हॉटेलचा पैसा बाहेरचा, महानगर धरलं तर आतला. पुण्याहून आलेला प्रेक्षक महानगरासाठी पाहुणा आहे, पण राज्याच्या हिशेबात घरचाच. अहवालाच्या मध्यावर हद्द बदललेली दिसली तर तो बाजूला ठेवावा.

आता हॉटेलांकडे येऊ. जानेवारी म्हणजे मुंबईत लग्नांचा, कंपन्यांच्या बैठकांचा, मॅरेथॉनचा आणि संगीत महोत्सवांचा हंगाम. महालक्ष्मी रेसकोर्सवरचा भारतातला पहिला लोलापलूझा महोत्सवही २०२३ च्या जानेवारीतलाच. खोल्या तशाही भरलेल्या असतात. त्यात मोठा कार्यक्रम आला की भाडी चढतात, पण खोल्यांची संख्या तीच राहते. कार्यक्रमाचा पाहुणा आत येतो आणि कामासाठी येणारा माणूस दौरा पुढे ढकलतो. वाढलेलं भाडं हॉटेलच्या मालकाकडे जातं. खोली झाडणाऱ्याचा पगार त्या आठवड्यात वाढत नाही.

याउलट दागिन्यांचं आयआयजेएस प्रदर्शन पाहा. जेम अँड ज्वेलरी एक्स्पोर्ट प्रमोशन कौन्सिल ते भर पावसात, जुलैअखेर ते ऑगस्टच्या सुमारास भरवते, आणि २०२३ पासून वांद्रे-कुर्ला संकुलातलं जिओ वर्ल्ड कन्व्हेन्शन सेंटर आणि गोरेगावचं नेस्को अशा दोन ठिकाणी. मोकळ्या मैदानावर त्या दिवसांत काहीच करता येत नाही. हॉटेलं, टॅक्सीवाले, कॅटरर यांना काम हवं असतं. येणारा सराफ एका संध्याकाळसाठी येत नाही, तीन-चार दिवस राहतो, व्यवहार करतो. माझं मत स्पष्ट आहे: ओस हंगामात भरलेलं चार दिवसांचं बंदिस्त प्रदर्शन मुंबईला जानेवारीतल्या एका भरल्या स्टेडियमपेक्षा जास्त देऊन जातं. त्याची छायाचित्रं तेवढी दिसत नाहीत, एवढंच.

प्रदर्शनात स्थानिक कारागिरालाही जास्त काम मिळतं. साध्या स्टॉलचं माप तीन मीटर बाय तीन मीटर. ॲल्युमिनियमच्या खांबांत पांढरे पॅनल, कार्पेट, एक टेबल, दोन खुर्च्या, तीन स्पॉटलाइट, एक प्लग पॉइंट आणि वर नावाची पट्टी. मोठे स्टॉलवाले मात्र नुसती जागा घेतात आणि प्लायवूडचा स्टॉल उभारून घेतात. त्यात सुतार, रंगारी, वायरमन, फ्लेक्स छापणारे, काचवाले असे सगळे लागतात. गडबड होते ती उभारणीच्या दिवसांत. हॉलचं भाडं दिवसावर असतं, म्हणून आयोजक उभारणीचे तीन दिवस दोनवर आणतात. अवजड वाहनांना शहरात गर्दीच्या वेळी बंदी असते, त्यामुळे भिवंडीच्या गोदामातून निघालेला ट्रक सकाळी नाक्यावर अडकतो. हॉलमध्ये कच्चं लाकूड कापायला आणि रंग मारायला मनाई असते, आणि माल अर्धवट तयार होऊन आलेला असतो. शेवटच्या रात्री दुप्पट मजुरीने काम उरकायचं आणि त्याच घाईत वायरिंग उघडं सोडायचं, हे नेहमी घडतं. आग लागते ती इथेच. उभारणीचा वाचवलेला एक दिवस सर्वांत महाग पडतो.

रोजगाराचे आकडेही असेच तपासावेत. ‘१,५०० जणांना रोजगार’ असं छापून येतं. ते पाच दिवस राबले तर ७,५०० मनुष्यदिवस झाले. वर्षाला कामाचे ३०० दिवस धरले तर पंचवीस माणसांच्या वर्षभराच्या नोकऱ्या. पंचवीस हा आकडा हलका नाही, पण तो पंचवीसच सांगावा. पंधराशेचे खरेच पंधराशे व्हायचे तर त्याच माणसांना महिन्यातून असे पाच कार्यक्रम मिळाले पाहिजेत, आणि त्यासाठी तारखा वर्षभर पसरल्या पाहिजेत.

वेळेचा मुद्दा थोडक्यात. २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार रात्री दहानंतर उघड्यावर ध्वनिक्षेपक लावता येत नाही. राज्य सरकार वर्षातून जास्तीत जास्त पंधरा दिवस बारापर्यंत सूट देऊ शकतं, आणि ते बहुतेक सणांसाठी खर्च होतात. त्यांत फेरफार मागायची गरज नाही. दहाला संपलेल्या कार्यक्रमातून २०,००० माणसं लोकलने जाणार असतील तर बारा डब्यांच्या एका गाडीत नीट मावणारी साधारण अडीच हजार धरून आठ गाड्या लागतात. त्या मिळणार नाहीत असं वाटलं की लोक नऊलाच निघतात, आणि परतताना आजूबाजूच्या खानावळीत जो खर्च झाला असता तो होत नाही.

शेवटी पैसे वेळेवर मिळण्याबद्दल बोलतो, कारण शहरात राहिलेला रुपया प्रत्यक्षात राहतो कोणाकडे, हे इथे ठरतं. साऊंडवाल्याने दहा लाखांचं बिल दिलं की त्यावरचा १ लाख ८० हजार जीएसटी त्याला साधारणपणे पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत भरावा लागतो, त्याचे स्वतःचे पैसे आलेले असोत वा नसोत. आयोजक देतो नव्वद दिवसांनी. मधल्या काळात मजुरांना रोख द्यावी लागते, म्हणून साऊंडवाला दरमहा दोन-अडीच टक्के व्याजाने कर्ज काढतो आणि त्याचा नफा व्याजात जातो. कायदा त्याच्या बाजूने आहे. सूक्ष्म किंवा लघु उद्योग म्हणून केंद्र सरकारकडे ‘उद्यम’ नोंदणी असेल तर लेखी करार असताना ४५ दिवसांत, करार नसताना १५ दिवसांत पैसे द्यावे लागतात. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढ. आणि आर्थिक वर्ष २०२३-२४ पासून ही मुदत उलटली तर ती रक्कम प्रत्यक्ष देईपर्यंत आयोजकाला प्राप्तिकरात खर्च म्हणून दाखवता येत नाही. त्यामुळे मार्चमध्ये आयोजकाचा हिशेबनीस स्वतःहून फोन करतो. पण त्यासाठी उद्यम क्रमांक कामाच्या ऑर्डरवर आणि बिलावर छापलेला हवा, नोंदणी काम घेण्याआधीची हवी. मंडपवाले, लाइटवाले, जनरेटरवाले इथे बसले असतील तर त्यांनी हे आजच तपासावं. आणि महापालिकेने मोठ्या कार्यक्रमाला परवानगी देताना एक अट घालावी: साठ दिवसांनी आयोजकाने स्थानिक पुरवठादारांना किती दिले, किती थकले, याचा एक पानी तक्ता जमा करायचा. पुढच्या वर्षीची तारीख तो तक्ता पाहून द्यावी.