आधी पंच, मग माईक

श्रोतेहो, नमस्कार.

दिवाळीचे कंदील उतरले की आपल्या ठाण्यात आणि खाडीपलीकडे कळवा, खारीगाव, ऐरोली, घणसोली, कोपरखैरण्याच्या गावांत मैदानं जागी होतात. कुठे लाल मातीवर कबड्डी, कुठे टेनिस चेंडूचं क्रिकेट. मैदान दिसायच्या आधी कानावर येतो तो भोंग्यावरचा आवाज. तीस वर्षं मी तो आवाज देतोय. आज त्याच कामाबद्दल बोलायचंय.

या कामाची सुरुवात बहुतेकांची सारखीच. शाळेचं क्रीडासंमेलन, गणपतीतल्या स्पर्धा, मग गावचा चषक. कुणीतरी म्हणतं, "याचा आवाज बरा आहे, द्या माईक." माझंही तसंच झालं. पुढे आकाशवाणीच्या आवाजाच्या चाचणीला बसलो. तिथे पहिल्यांदा कळलं की मैदानावरचं बोलणं आणि रेडिओवरचं बोलणं ही दोन वेगळी कामं आहेत.

रेडिओवर तुम्हाला काहीच दिसत नसतं. गोलंदाज कुठल्या बाजूने येतोय, क्षेत्ररक्षक कुठे उभा आहे, चेंडू कुठे गेला, सगळं मी सांगायचं. आणि धावसंख्या सांगायची. पुन्हा सांगतो, धावसंख्या सांगायची, कारण कुणीतरी आत्ताच कुकर उतरवून रेडिओ लावलेला असतो. अमेरिकेत रेड बार्बर नावाचे बेसबॉलचे समालोचक होते. ते समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवत. वाळू खाली आली की धावा सांगायच्या आणि घड्याळ उलटं करायचं. आपल्याकडे 1934 साली क्रिकेटचं पहिलं समालोचन केलं बॉबी तल्यारखान यांनी. ते दिवसभर एकटेच बोलत, जोडीला दुसरा माणूस घेत नसत. आणि क्रिकेट मराठीत ऐकायची गोडी आमच्या आधीच्या पिढीला लावली बाळ ज. पंडितांनी. माझे वडील त्यांचं समालोचन ऐकताना आम्हाला ताटाचाही आवाज करू देत नसत.

मैदानावर मात्र लोकांना सगळं दिसतंच. तिथे जे दिसत नाही तेवढंच सांगायचं. कोण चढाईला आला, गुण किती झाले, किती मिनिटं उरली. बस. हल्ली दोन चेंडूंच्या मध्येसुद्धा गाणं वाजवतात, ते मला पटत नाही. लोकांना आपापसात बोलायला चार क्षण द्या की! आणि ऐन रंगलेला सामना थांबवून मान्यवरांचे सत्कार करतात, तेही बंद व्हायला हवेत. घामेजलेली पोरं वारा खात उभी राहतात, अंग गार पडतं आणि मग पायात गोळे येतात. सत्कार मध्यंतरात करा, पाच मिनिटं असतात, पुरतात.

आता ती गोष्ट सांगतो. वीस वर्षं होऊन गेली असतील. ठाण्यात विजेच्या प्रकाशातली कबड्डी स्पर्धा, अंतिम सामना. रात्रीचा एक वाजलेला, थंडी पडलेली, तरी बायाबापड्या शालींत गुंडाळून बसलेल्या. एका बाजूला यजमानांच्या ओळखीचा तगडा संघ, दुसऱ्या बाजूला खाडीपलीकडच्या एका गावाची पोरं. त्यांचा चढाईपटू अठरा-एकोणीस वर्षांचा, सडपातळ, पायात पाऱ्यासारखी चपळाई. त्या दिवशी मी दुपारपासून बोलत होतो. घसा बसत आला होता, पण अंगात सामना भिनलेला. खरं सांगायचं तर लोक माझ्या आवाजावर ओरडतात, याची मला नशा चढली होती.

माझं टेबल कोपऱ्यात होतं, चढाईपटूला ओलांडावीच लागते त्या निदान रेषेच्याही मागे. समोर पाहुण्यांच्या खुर्च्या. पंच मला अर्धेच दिसायचे.

शेवटची चढाई. बावीस-एकवीस. गावचा संघ एका गुणाने मागे. समोर सहा जण उभे, म्हणजे बोनस रेषेपलीकडे पाय टाकून बोनसचा गुण मिळू शकत होता. एक गुण मिळाला की बरोबरी आणि सामना पुढे चालणार. पोरगा गेला. डावीकडे हूल दिली, उजव्या कोपऱ्यावर गेला आणि बोनस रेषेपलीकडे पाय टाकला. मी पाहिलं. आणि ओरडलो, "बोनस! बोनस घेतला! बरोबरी!"

मैदान उसळलं. पोरानं ते ऐकलं. त्याच्याकडे अजून दहा-बारा सेकंद होते. कोपरारक्षक पुढे आलेला, हात लांबवला असता तर सहज गडी बाद होता. पण त्याला वाटलं, गुण झालाय, आता पकडलं जायचं नाही. तो वळला आणि मध्यरेषा ओलांडून घरी आला. दोन्ही हात वर करून आला.

आणि पंचांनी बोनस दिलेलाच नव्हता.

पाय रेषेपलीकडे पडला होता, पण मागचा पाय जमिनीवरच होता. मागचा पाय हवेत असल्याशिवाय बोनस नाही, हे तुम्हालाही ठाऊक आहे आणि मलाही ठाऊक होतं. माझ्या टेबलावरून तो मागचा पाय दिसतच नव्हता. न दिसलेल्या गोष्टीवर मी बोललो. पंचांच्या आधी बोललो. शिट्टी वाजली, सामना संपला, बावीस-एकवीस.

तो पोरगा मातीत उभाच राहिला. मग हळूहळू चालत माझ्या टेबलापाशी आला. तक्रार नाही, शिवी नाही. एवढंच विचारलं, "दादा, तुम्ही बोनस बोललात ना?"

श्रोतेहो, या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. आजही नाही.

आयोजक म्हणाले, जाऊ द्या हो, निकाल पंचांचा असतो. निकाल बरोबरच होता, त्यावर बोट ठेवायला जागा नव्हती. पण त्या सामन्याचे पंच, साठीच्या घरातले गृहस्थ, बूट काढत माझ्याजवळ बसले आणि म्हणाले, "ज्या भोंग्यावर चुकलात, त्याच भोंग्यावर दुरुस्त करा. त्याच्या गावात उद्या सांगतील, पोरानं हातचा सामना घालवला."

मग बक्षीस समारंभाच्या आधी मी माईक घेतला. म्हटलं, "शेवटच्या चढाईत बोनस झाला नव्हता. पंचांनी इशारा दिला नव्हता. मी आधी बोललो आणि खेळाडूनं माझ्यावर विश्वास ठेवला. चूक त्याची नाही, माझी आहे." दोनदा सांगितलं, कारण मागच्या बाजूचे लोक उठून निघाले होते आणि त्यांनाही ऐकू जायला हवं होतं. कुणी टाळी वाजवली नाही. एक म्हातारे गृहस्थ मात्र थांबले, मान हलवली आणि निघून गेले.

त्या रात्रीपासून हे काम शिकायला येणाऱ्या प्रत्येकाला मी एकच गोष्ट आधी सांगतो. आधी पंच, मग माईक. आवाज, शब्द, भाषा, सगळं नंतर. आधी पंच, मग माईक. बाकी मग साध्या गोष्टी आहेत. खेळाडूंची नावं सामन्याआधी त्यांच्याच तोंडून विचारून घ्या. म्हात्रे, पाटील, भोईर एकाच संघात चार-चार असतात. कोमट पाणी जवळ ठेवा, तोंडात ज्येष्ठमधाचा तुकडा ठेवा. आणि चढाईला चढाई म्हणा, पकडीला पकड. 2014 साली प्रो कबड्डी आली, खेळ घराघरांत गेला, फार चांगलं झालं. पण मॅटबरोबर रेड आणि टॅकलही आले आणि आपले नेमके शब्द मागे पडायला लागले, त्याचं मला वाईट वाटतं.

गप्प कधी राहायचं, हेही शिकावं लागतं. 2 नोव्हेंबर 2025 ला मी नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये प्रेक्षक म्हणून बसलो होतो. महिला विश्वचषकाचा अंतिम सामना, पावसामुळे दोन तास उशिरा सुरू झाला. रात्री बारा वाजत आले असताना दीप्ती शर्माच्या चेंडूवर हरमनप्रीतनं मागे धावत झेल घेतला. भारत 52 धावांनी विश्वविजेता. माझ्या शेजारची मुलगी, असेल दहा वर्षांची, आईच्या गळ्यात पडून रडत होती. त्या क्षणी कुठल्या भोंग्यानं काय सांगायचं होतं?

हां, ती गोष्ट अजून पुरी व्हायचीय. पुढच्या वर्षी त्याच गावातून निरोप आला. आमच्या चषकाला तुम्हीच बोलायला या. मी गेलो. त्यांनी विचारलं, टेबल कुठे ठेवू? म्हटलं, मध्यरेषेसमोर, गुणलेखकाच्या शेजारी, आणि पुढे एकही खुर्ची नको. पहिल्याच सामन्यात तोच पोरगा चढाईला आला. डावीकडे हूल, उजवा कोपरा, बोनस रेषेपलीकडे पाय. मैदान ओरडलं. परत फिरण्याआधी त्यानं पंचांकडे पाहिलं. मीही पाहिलं. पंचांचा हात उठला.

मग मी म्हणालो, "बोनस. एक गुण."