आधी नासेल ते हाताशी

(दृश्य: नागपूरच्या महाल भागातलं जुनं घर. लाकडी शिडी, माळा, टॉर्चचा उजेड. धुळीत एक संत्र्याचं खोकं.)

माझा पहिला व्हिडीओ गेम या माळ्यावर अकरा वर्षं पडून होता.

संत्र्याच्या खोक्यात. कळमन्याच्या बाजारातून संत्री यायची, आणि खोकं रिकामं झालं की आई ते मोडू द्यायची नाही. वापरत नाही पण टाकवतही नाही, असं जे काही घरात असेल ते त्यात भरायचं आणि वर ढकलायचं. दादानं बर्डीवरून आणलेला ‘मीडिया’, टीव्हीला जोडून खेळायचं यंत्र, असाच वर गेला. माझं दहावीचं वर्ष होतं. बाबांनी स्वतः नेऊन ठेवला, आणि पुढे आम्ही सगळेच तो विसरलो.

नोकरी लागल्यावर एका मे महिन्यात मी ते खोकं खाली उतरवलं. पांढरं प्लास्टिक चहाच्या रंगाचं झालं होतं. रिमोटची वायर यंत्राभोवतीच गुंडाळलेली होती. ती सोडवली, तर खाली प्लास्टिकवर खोल वळ, गरम सळई टेकवल्यासारखे. खोक्याच्या तळाला वाळवीनं मातीची वाट काढली होती. पुठ्ठा तिनं अर्धा खाल्ला होता.

तेव्हापासून मी जुनी गेमची यंत्रं जमवतो. आज एकतीस आहेत. ही गोष्ट जमवण्याची नाही, ठेवण्याची आहे. जमवणं सोपं होतं.

(दृश्य: पिवळ्या कॅसेट, जवळून. पिना.)

निन्टेन्डो कंपनीनं १५ जुलै १९८३ला जपानमध्ये फॅमिकॉम हे गेमचं यंत्र बाजारात आणलं. आपल्या गल्लीत नव्वदच्या दशकात पोहोचल्या त्या त्याच्या नकला: मीडिया, लिटल मास्टर आणि आणखी कितीतरी. खेळ ज्यात भरलेला असतो त्या ६० पिनांच्या पिवळ्या कार्ट्रिजला आम्ही कॅसेट म्हणायचो आणि कंट्रोलरला रिमोट. कॅसेट चालली नाही की काढायची, फुंकर मारायची, परत लावायची. महालातलं प्रत्येक पोट्टं हेच करायचं. चालायचंही, कारण काढून परत लावताना पिना घासल्या जायच्या. फुंकरीनं मात्र तोंडातली ओल धातूवर बसायची आणि वर्षानुवर्षं तिथे गंज धरायचा. आता मी आयसोप्रोपिल अल्कोहोलचा बोळा फिरवतो, नव्वद टक्क्यांच्या वरचं अल्कोहोल, आणि पूर्ण वाळल्याशिवाय कॅसेट लावत नाही. माझी मुलगी अजून फुंकर मारते. तिला हे कोणी शिकवलं, कळत नाही.

(दृश्य: गच्चीवरून भर दुपारचं शहर. रिकामे रस्ते, कूलरांच्या रांगा.)

आता माळ्याकडे परत येऊ.

नागपूरचा उन्हाळा सांगायला आकडा लागत नाही, तरी एक सांगतो. २०१३च्या मे महिन्यात पारा ४७.९ अंशांवर गेला होता. ही सावलीतली हवा. स्लॅबला लागून असलेल्या माळ्यावर नवतपाच्या, म्हणजे मे अखेरच्या सर्वांत तापलेल्या दिवसांत हात ठेवून पाहा. रात्री अकरालाही स्लॅब गरम असतो.

यंत्राच्या पोटात वीज साठवणारे, छोटे डबीसारखे कपॅसिटर असतात. त्यांतल्या इलेक्ट्रोलायटिक जातीच्या आत द्रव असतो. त्यांच्याबद्दल कारागिरांचा एक ढोबळ हिशेब आहे: तापमान दहा अंशांनी वाढलं की आयुष्य निम्मं. मधल्या खोलीत ३५ आणि माळ्यावर ५५ धरा. तेच यंत्र, तेच वर्ष, आणि आयुष्य चौथ्या हिश्श्यावर. प्लास्टिकचा पिवळेपणाही मुख्यतः ऊन, उष्णता आणि हवेतल्या ऑक्सिजनमुळे येतो. आग लागू नये म्हणून जुन्या एबीएस प्लास्टिकमध्ये ब्रोमिनची संयुगं घालत, त्यांचा त्यात हात असतो असं मानलं जातं. हायड्रोजन पेरॉक्साइड लावून उन्हात ठेवलं की पांढरेपणा परत येतो, हे खरं. पण तो पुन्हा पिवळा पडू शकतो. मी एकाच यंत्रावर करून पाहिलं आणि थांबलो. चहाचा रंग मला चालतो, तडा चालत नाही.

म्हणून पहिला नियम केला: माळा बंद. पश्चिमेची भिंतही बंद, कारण दुपारनंतर ती तव्यासारखी तापते. घराच्या मधल्या खोलीत, बाहेरची एकही भिंत नाही अशा जागी, लोखंडी कपाट. आत अंधार.

हे कपाट तिथे यायला मात्र तीन वर्षं लागली. कारण मधे मी एक चूक केली, आणि ती आमच्या शहरात कुणीही करेल.

(दृश्य: कूलर. वाळ्याच्या ताट्यांवरून ओघळणारं पाणी. आवाज तसाच राहू द्यावा.)

मार्च संपत आला की ताट्या बदलायच्या, टाकी घासायची, पंप चालतो का पाहायचं. वाळ्याचा पहिला वास आला की उन्हाळा लागला. मी विचार केला, उष्णता वाईट ना, मग घरातली सर्वांत गार खोली घेऊ. सगळी यंत्रं कूलरच्या खोलीत मांडली, उघड्या रॅकवर, छान दिसतील अशी.

दुसऱ्या उन्हाळ्यात कॅसेटच्या पिनांवर हिरवट पूट दिसलं. एका यंत्राच्या आतल्या स्क्रूंना गंज होता. मे महिन्यात! पावसाचा थेंब नसताना! मला वाटलं, विकत घेतानाच तसं असेल.

मग हवेतली आर्द्रता मोजणारं यंत्र आणलं, काडेपेटीएवढं. कूलर बंद असताना आकडा विशीत. कूलर लावून दोन तासांनी बघतो तर साठीच्या पुढे. गारवा हवेत पाणी मिसळूनच येतो, हे शाळेत शिकलो होतो, पण रॅकपर्यंत ते पोहोचलं नव्हतं. त्यात बोअरचं पाणी. त्याचे बारीक तुषार खोलीभर उडतात आणि वाळले की मागे पांढरा क्षार राहतो. कूलरच्या जाळीवर बसतो तोच थर माझ्या यंत्रांच्या छिद्रांवर होता. म्हणजे पावसाळ्यात आम्ही जी काळजी घेतो ती नागपुरात एप्रिलपासून घ्यावी लागते, आणि ओल घरात आपणच आणतो.

आता कपाट कूलरच्या झोतापासून लांब आहे. आत घट्ट झाकणाचे डबे, प्रत्येक डब्यात सिलिका जेल. दाणे नारिंगी घ्यावेत. ओल धरली की हिरवे होतात. निळ्या दाण्यांत कोबाल्ट क्लोराइड असतं, घरात लहान मूल असेल तर नकोच. ओले दाणे जुन्या ओव्हनमध्ये १२० अंशांवर दोनेक तास ठेवले की परत कामाला येतात. जेवणाच्या भांड्यात भाजू नका. मे महिन्यातलं ऊन कितीही कडक असलं तरी त्याला पुरत नाही, मी गच्चीवर ठेवून पाहिले आहेत.

(दृश्य: स्वयंपाकघर. डब्यांची फळी. आईचे हात.)

डब्यांची रचना मात्र माझी नाही, आईची आहे.

आधी मी कंपनीप्रमाणे लावत होतो. निन्टेन्डो एका फळीवर, सेगा दुसऱ्या, सोनी तिसऱ्या. आई एकदा बघत उभी राहिली. म्हणाली, “हे सगळं कशाला असं मांडून राहिला? यातलं आधी खराब काय होतं, ते सांग.” मला सांगता आलं नाही. तिच्या फळीवर दाण्याचा कूट समोर असतो, कारण तो लवकर खवट होतो. मीठ मागे. गहू सर्वांत खाली, कडुलिंबाचा पाला घालून.

मी तिच्यासारखं लावायला बसलो आणि दोन रविवार गेले.

समोरची, डोळ्यांसमोरची फळी बॅटरीवाल्यांची. हातात धरून खेळायची सगळी यंत्रं. पीएसपीची लिथियम बॅटरी फुगते आणि मागचं झाकण वर उचलते. तिला निम्म्या चार्जवर, यंत्राबाहेर काढून ठेवायचं. साधे सेल तर काम झालं की लगेच काढायचे. पोकेमॉनच्या जुन्या कॅसेटच्या पोटातही नाण्याएवढा सेल असतो आणि खेळाची नोंद त्याच्या जिवावर टिकते. तो संपला की नोंद गेली.

त्याच फळीवर गळणारे. सेगाचा गेम गिअर, १९९०चा. एकदा आईनंच तो हातात घेतला, डाळीचा डबा उघडून हुंगावं तसा नाकाशी नेला आणि म्हणाली, “याला मासळीचा वास येऊन राहिला.” उघडला. कपॅसिटर गळून बोर्डवर पसरले होते. या यंत्राचा हा ठरलेला रोग आहे, आधी आवाज बारीक होतो, मग पडदा अंधुक. दुसरा रोगी २००१चा पहिला एक्सबॉक्स. त्यात घड्याळासाठी एक कपॅसिटर असतो, तो गळतो आणि तांब्याच्या बारीक रेषा खातो. शेवटच्या, १.६ आवृत्तीत हा त्रास नाही. बाकीच्यांत तो काढून टाकावा. यंत्र चालतं, फक्त वेळ विसरतं.

दुसरी फळी लाल चिकटपट्टीची. ही जपानी यंत्रं. तिथे १०० व्होल्ट, आपल्याकडे २३०. माझ्या सुपर फॅमिकॉमचा अडॅप्टर मी सरळ भिंतीत खोचला होता आणि दोन सेकंदांत जळक्या प्लास्टिकचा वास आला. आता प्रत्येक अडॅप्टरवर यंत्राचं नाव आणि व्होल्ट लिहिलेले असतात, आणि व्होल्ट उतरवणारा स्टेप-डाऊन ट्रान्सफॉर्मर त्याच फळीवर, दोरीनं बांधलेला.

डिस्क मागे, उभ्या. पुस्तकासारख्या. पुसताना मधून कडेकडे, गोल कधीच नाही. त्यांत एक मी फार जपतो: हैदराबादला तयार झालेला, २००९चा ‘हनुमान: बॉय वॉरियर’, भारतात बनलेला प्लेस्टेशन २चा पहिला गेम.

वायरी वेगळ्या पिशव्यांत. माझ्या ‘मीडिया’वरच्या त्या वळांचं कारण मला फार उशिरा कळलं. वायरीचं पीव्हीसी मऊ राहावं म्हणून त्यात जे रसायन घालतात ते झिरपतं आणि शेजारच्या कडक प्लास्टिकला विरघळवतं. उष्णतेत जास्त. रबरबँडही तसाच चिकटतो. आणि कपड्यांत घालतो त्या डांबरगोळ्या इथे नकोत, त्यांची वाफ काही प्लास्टिकांना मऊ करते.

(दृश्य: नाग नदीचा काठ. भिंतीवर पाण्याची जुनी रेघ.)

सर्वांत खालची फळी रिकामी आहे. २३ सप्टेंबर २०२३च्या पहाटे काही तासांत एवढा पाऊस झाला की अंबाझरी तलाव ओसंडला आणि नाग नदीचं पाणी घरांत शिरलं. तळमजल्यावर राहणाऱ्या माझ्या मित्राची दोन खोकी गाळात गेली. माणसांनी त्या दिवशी याहून फार मोठं गमावलं, खोक्यांचं दुःख त्यानं कुणाला बोलूनही दाखवलं नाही. आठवड्यानं मला फोन केला. त्यानं काहीही चालू करून पाहिलं नव्हतं, हे फार बरं केलं. उघडून स्वच्छ पाण्यानं गाळ धुतला, मग अल्कोहोल, मग कितीतरी दिवस पंख्याखाली. पाच यंत्रांतली तीन उठली.

(दृश्य: खंडेनवमी. चादरीवर मांडलेली एकतीस यंत्रं, झेंडूची फुलं, जुना पिक्चर ट्यूबचा टीव्ही.)

कपॅसिटरला नुसतं पडून राहणंही मानवत नाही. अधूनमधून वीज फिरली तर आतला थर टिकतो. त्यासाठी दिवस शोधत होतो, तो आमच्याकडे आधीच होता. खंडेनवमीला बाबा त्यांची हत्यारं पुसून पाटावर मांडायचे, पाने, पक्कड, स्क्रू ड्रायव्हर. पाऊस संपलेला असतो, कूलर झाकलेला असतो, हवा कोरडी होऊ लागते. त्या दिवशी सगळी यंत्रं बाहेर येतात. पुसायची, सुरू करायची, दहा मिनिटं चालवायची. प्रत्येकासाठी वहीत एक पान आहे: मॉडेल, व्होल्ट, सेल कधी बदलला, शेवटचं कधी सुरू झालं.

बदकं मारायचा खेळ मुलीचा. त्याची बंदूक नव्या सपाट टीव्हीवर चालतच नाही, म्हणून हा जड टीव्ही अजून घरात आहे.

गेम गिअरची पाळी आली की मी थांबतो. त्याचे सगळे कपॅसिटर बदलले त्याला चार वर्षं झाली. आई चष्मा वर सरकवते, तो हातात घेते, नाकाशी नेते. आम्ही सगळे तिच्याकडे बघतो.

“नाही येत,” ती म्हणते.

मी वहीत तारीख टाकतो आणि पुढे लिहितो: वास नाही.